लाघवाचा हिशेब

कोणतेही शास्त्र वयात आले की त्याला काटकसरीचा ध्यास लागतो. बाल्यावस्थेत ते पोरासारखे खिसे भरीत असते. दिसेल तो खडा आणि सापडेल ते पीस गोळा करिते. पुढे केव्हातरी त्याच्या ध्यानी येते की खिसे जड झाले, पण ज्ञान वाढले नाही. मग ते एकेक वस्तू बाहेर टाकू लागते आणि थोडक्यात पुष्कळ सांगण्याची प्रतिज्ञा करिते. ज्योतिषाने हे केले, पदार्थविज्ञानाने केले. भाषेच्या शास्त्राने ही प्रतिज्ञा आमच्या पिढीच्या डोळ्यांदेखत केली. १९९५ साली नोम चॉम्स्की यांचा ‘द मिनिमॅलिस्ट प्रोग्रॅम’ हा ग्रंथ प्रसिद्ध झाला, आणि तेव्हापासून वाक्यरचनेच्या अभ्यासात कमीत कमी गृहीतांवर चालण्याचे व्रत घेतलेला एक मोठा संप्रदाय उभा राहिला. त्याला आम्ही या लेखापुरते ‘लाघववाद’ म्हणतो. आमचे म्हणणे प्रारंभीच स्पष्ट सांगून टाकलेले बरे. लाघववादाने विचारलेला प्रश्न मोलाचा आहे. त्याने दिलेले उत्तर अपुऱ्या हिशेबावर उभे आहे. आणि तो हिशेब पुरा करण्यास लागणारी सामग्री तुमच्या-आमच्या रोजच्या मराठी वाक्यांत पडलेली आहे. ती उचलण्याचा आळस आपण करीत आहो, हा या लेखातील मुख्य आरोप.

प्रथम या मताचे स्वरूप थोडक्यात पाहू. १९५७ साली चॉम्स्की यांनी ‘सिंटॅक्टिक स्ट्रक्चर्स’ हे लहानसे पुस्तक काढून असे प्रतिपादले की, भाषा म्हणजे ऐकलेल्या वाक्यांचा साठा नसून अगणित वाक्ये निर्माण करणारी नियमांची यंत्रणा होय. पुढे नियम वाढत गेले, आणि मूल एवढे नियम तीन-चार वर्षांत शिकते तरी कसे, हा प्रश्न उभा राहिला. १९८१ च्या सुमारास त्यांनी नियमांच्या जागी थोडी सर्वसाधारण तत्त्वे आणि भाषेभाषेगणिक इकडे किंवा तिकडे वळणाऱ्या कळा अशी मांडणी केली. १९९५ नंतर तीही जड वाटू लागली. आता वाक्य घडविण्यास मुळात एकच क्रिया पुरे असे म्हणतात: दोन वस्तू घ्या आणि त्यांची एक करा. ‘पिकलेला’ आणि ‘आंबा’ मिळून ‘पिकलेला आंबा’ झाला. त्याला ‘खाल्ला’ जोडले, ‘पिकलेला आंबा खाल्ला’ झाले. ही जोडणी पुन्हा दुसऱ्या जोडणीचा घटक होऊ शकते, आणि ही परंपरा थांबण्याचे कारण नाही. या क्रियेला ते ‘मर्ज’ म्हणतात. आम्ही ‘जोड’ म्हणू. तिच्या सोबतीला एक ‘जुळणी’ असते: क्रियापदाच्या बाजूचे एखादे स्थान आपल्या आवाक्यातील सर्वांत जवळचे नाम शोधून काढते आणि त्या नामाचे लिंग, वचन, पुरुष क्रियापदावर उमटतात. बाकीचे सारे शब्दकोशाकडे, उच्चाराच्या दाराकडे आणि अर्थाच्या दाराकडे सोपविलेले असते. मानवाला भाषा उत्क्रांतीच्या मानाने फार अलीकडे लाभली, म्हणून तिचा गाभा साधाच असला पाहिजे, असेही चॉम्स्की आणि बर्विक यांनी २०१६ च्या आपल्या ग्रंथात म्हटले आहे.

कोणी म्हणेल, हा वाद बोस्टनच्या विद्यापीठांतला. मराठी गृहस्थाच्या घरात त्याचे काय काम? त्यास आमचे उत्तर असे. प्रस्तुत लेखक रावेत येथे राहतो. पवनेच्या काठचे हे गाव काल-परवापर्यंत शेतीचे होते. १९५४ साली पिंपरीत पेनिसिलिनचा कारखाना निघाला, तेव्हापासून या पट्ट्यात जे उद्योग वाढत गेले त्यांच्या ओघात आज रावेतमध्येही उंच इमारतींची दाटी झाली आहे. चाकणच्या कारखान्यांत आणि हिंजवडीच्या संगणक-कचेऱ्यांत जाणारी कुटुंबे तेथे नांदतात. कोणी लखनौकडचे, कोणी पाटण्याचे, कोणी सोलापूरचे, कोणी नागपूरचे. २०२० साली महाराष्ट्र विधिमंडळाने सर्व शाळांत मराठी शिकविणे सक्तीचे करणारा कायदा संमत केला, तो योग्यच होता. त्यामुळे या सर्व घरांतील मुले आता एका बाकावर बसून मराठी शिकतात. हिंदी घरातले मूल वहीत लिहिते, ‘मीने आंबा खाल्ला’. शिक्षिका तांबड्या शाईने ‘ने’ खोडते. मूल विचारते, ‘त्याने’ चालते, ‘तिने’ चालते, ‘रामाने’ चालते, मग ‘मीने’ का नाही? शिक्षिका सांगते, ‘तसे म्हणत नाहीत’. शेजारच्या बाकावरचे दक्षिण सोलापुराकडचे मूल म्हणते, ‘मी आंबा खाल्लो’. तेही खोडले जाते, आणि कारण तेच: तसे म्हणत नाहीत. शिक्षिकेचा यात दोष नाही. तिला जे व्याकरण शिकविले गेले त्यात या ‘का’ला जागाच नव्हती. वाक्यशास्त्राचा हा तथाकथित परदेशी वाद नेमका या ‘का’चा वाद आहे.

या वादासंबंधी आपल्या सुशिक्षितांत दोन पक्ष दिसतात आणि दोन्ही आम्हांस अमान्य आहेत. पहिला पक्ष उपहासकांचा. झाडासारख्या आकृत्या काढून कोणाची भाषा सुधारली, असे तो विचारतो. या पक्षाने पुढील दोन वाक्ये लक्षपूर्वक वाचावी. ‘लक्ष्मणाला वाटले की रामाने आपल्याला दोष दिला.’ ‘लक्ष्मणाला वाटले की रामाने स्वतःला दोष दिला.’ पहिल्या वाक्यात दोष लक्ष्मणाला मिळाला, दुसऱ्यात रामाला. हे मराठी माणसास सांगावे लागत नाही. तथापि ते त्याला कोणी शिकविले? आईने नाही, शाळेने नाही, वाळंब्यांच्या पुस्तकाने नाही. ‘स्वतः’ आपला धनी स्वतःच्या उपवाक्यात शोधतो आणि ‘आपण’ मात्र कुंपण ओलांडून बाहेरच्या वाक्यातील कर्त्याकडे जातो, हा नियम कोट्यवधी लोक पाळीत आले, पण तो कोणी नियम म्हणून उच्चारला नव्हता. तो नीट मांडून दाखविण्याचे काम गेल्या पन्नास वर्षांत काशी वाली प्रभृती अभ्यासकांनी केले, आणि चॉम्स्की यांच्या संप्रदायाने विचारलेल्या प्रश्नांमुळेच ते झाले.

दुसरे उदाहरण घ्या. ‘रामाला आपली आई आठवली.’ येथे कर्ता कोण? आमचे शालेय व्याकरण क्रियापदाकडे बोट दाखवून म्हणेल, ‘आठवली’ हे ‘आई’प्रमाणे चालते, म्हणून कर्ता आई. पण ‘आपली’ हा शब्द कोणाकडे पाहतो? रामाकडे. आणि ‘आपला’ हा शब्द सामान्यतः कर्त्याखेरीज कोणास ओळखीत नाही. म्हणजे एकाच वाक्यात एका खुणेने आई कर्ता ठरते आणि दुसऱ्या खुणेने राम. ‘कर्ता’ ही एक वस्तू नसून अनेक अधिकारांची मोट आहे आणि मराठीत ती मोट सुटते, हे या वाक्याने उघड होते. एवढा बारकावा ज्या शास्त्राने दाखविला त्याचा उपहास करणे म्हणजे सूक्ष्मदर्शकाने पोट भरत नाही म्हणून तो फेकून देण्यासारखे आहे.

दुसरा पक्ष अभिमान्यांचा. चॉम्स्कीने नवीन ते काय सांगितले, सारे पाणिनीने सांगून ठेवले आहे, असे हा पक्ष म्हणतो. ३ ऑक्टोबर २०२४ रोजी केंद्र सरकारने मराठीस अभिजात भाषेचा दर्जा दिल्यापासून या सुराला अधिकच जोर चढला आहे. चॉम्स्की यांनी स्वतः १९६५ च्या ग्रंथाच्या प्रस्तावनेत पाणिनीचे स्मरण आदराने केले आहे. ते या पक्षाला फार आवडते. परंतु स्मरण म्हणजे ऐक्य नव्हे. पाणिनीने एका भाषेचे वर्णन केले. मुलाच्या मनात कोणती यंत्रणा जन्मतः असते, हा प्रश्न त्याने घेतला नाही. चॉम्स्की यांना एका भाषेचे वर्णन हे साधन आणि मानवी मनाचा शोध हे साध्य वाटते. प्रश्न भिन्न असता उत्तरे एकच म्हणणे हा दोघांवरही अन्याय आहे.

दोघांत साम्य आहे ते लाघवाच्या हौसेचे. अर्धी मात्रा वाचली तरी वैयाकरण पुत्रजन्माचा आनंद मानतात, ही जुन्या शास्त्र्यांची उक्ती संस्कृतज्ञांच्या तोंडी असते. नागोजी भट्टांच्या ‘परिभाषेन्दुशेखरा’च्या शेवटी ती आली आहे, आणि तो ग्रंथ पुण्याच्या डेक्कन कॉलेजात शिकविणाऱ्या कीलहॉर्न यांनी १८६८ ते १८७४ या काळात संपादून इंग्रजीत आणला. शब्द एकेक करून शिकवू लागल्यास बृहस्पतीसारखा गुरू आणि इंद्रासारखा शिष्य असूनही अंत लागला नाही, ही पतंजलीची कथाही प्रसिद्ध आहे. तेव्हा लाघवाची थोरवी आपणास परक्यांनी शिकवावी असे नाही. पण पाणिनीचे लाघव कशावर उभे होते, हे अभिमानी पक्ष सांगत नाही. सुमारे ४००० सूत्रांच्या मागे जवळजवळ २००० धातूंचा धातुपाठ आहे, गणपाठ आहे. नियमात न बसणारे त्याने यादीत घातले, आणि ती यादी लिहून दिली! जे वाचविले ते कोठे खर्च झाले, याची पावती त्याने हातात ठेविली. लाघवाची खरी कसोटी ती हीच. आणि याच कसोटीवर आम्ही लाघववादास उभे करू इच्छितो.

आमच्या भागातील एक व्यवहारी दृष्टांत देतो. एखाद्या गृहसंस्थेचा वार्षिक हिशेब सभासदांपुढे येतो. पाणीपट्टीचा आकडा पाहून सर्वजण संतोष पावतात. काय ही काटकसर! मग एखादा चौकस म्हातारा मागचे पान उलटतो. तेथे ‘इतर खर्च’ या नावाखाली टँकरची बिले लपलेली असतात. पाणी तेवढेच वापरले गेले, पैसाही तेवढाच गेला. केवळ खाते बदलले. लाघववादाच्या जमाखर्चात वाक्यरचनेचे पान स्वच्छ आहे. मागचे पान उलटले पाहिजे. ते उलटण्यास मराठीची तीन वाक्ये पुरेशी आहेत.

पहिले वाक्य: ‘तू पोळी खाल्लीस.’ येथे क्रियापदातील ईकार पोळीचा आहे; पोळीच्या जागी आंबा घाला, ‘खाल्लास’ होईल, फळ घाला, ‘खाल्लेस’ होईल. पण शेवटचा ‘स’ कोणाचा? तो ‘तू’चा. ‘तुम्ही’ म्हणा, ‘खाल्लीत’ होईल. म्हणजे एकच क्रियापद एका हाताने कर्माचा आणि दुसऱ्या हाताने कर्त्याचा पदर धरून उभे आहे. जवळच्या एका नामाशी जुळणी, या साध्या नियमाचे येथे भागत नाही. यावर उपाय दोन. क्रियापदापाशी जुळणीची दोन स्थाने माना, एक कर्मासाठी आणि एक कर्त्यासाठी. किंवा हा ‘स’ जुळणीचा प्रत्यय नसून क्रियापदाला चिकटलेले सर्वनाम आहे असे म्हणा. दुसऱ्या उपायास थोडा आधारही आहे, कारण कोकणातील काही घरांत ‘त्याने सांगितलंन्’, ‘तिने दिलंन्’ असा तृतीयपुरुषी ‘न्’ अद्यापि ऐकू येतो. परंतु कोणताही उपाय घ्या, वहीत एक नवी ओळ वाढली. नवे स्थान मानणे हा या संप्रदायाचा नेहमीचा परिपाठ आहे. त्याच घरातील चिंक्वे या इटालियन पंडिताने १९९९ साली क्रियाविशेषणांचा अभ्यास करून एका वाक्याच्या सांगाड्यात सुमारे ३० स्थाने लावून दाखविली. क्रिया एक आणि स्थाने तीस; यास लाघव म्हणावयाचे तर भांड्यांनी भरलेल्या स्वयंपाकघरास एकाच चुलीमुळे साधेपणाचे प्रशस्तिपत्र द्यावे लागेल.

दुसरे वाक्य आमच्या शाळकरी मुलाचे: ‘मी आंबा खाल्ला.’ ‘त्याने’ला ‘ने’ आहे, ‘मी’ला का नाही? लाघववादी म्हणतो, ‘मी’लाही ती विभक्ती आहेच, फक्त ती उच्चारात दिसत नाही, हा भेद वाक्यरचनेचा नव्हे, शब्दरूपांच्या विभागाचा. हॅली आणि मॅरांट्झ यांनी १९९३ साली अशा गोष्टींसाठी रूपांचे एक वेगळे दालनच उघडून ठेविले आहे. हे उत्तर खोटे नाही. किंबहुना आमच्या भाषेचा इतिहास त्याच्या बाजूने साक्ष देतो. जुन्या मराठीत ‘म्यां’ आणि ‘त्वां’ होते. ब्लॉकचा ग्रंथ मराठीत आणणाऱ्या वा. गो. परांजप्यांच्या वाचकांना ते ठाऊक आहे. इतकेच काय, १९६२ चे शुद्धलेखनाचे नियम येईपर्यंत आपण ‘मी जातो’ बिनअनुस्वारी आणि ‘मीं केलें’ अनुस्वारी लिहीत होतो. म्हणजे उच्चारात लोपलेली तृतीया निदान कागदावर तरी जिवंत होती. नियम सोपे झाले, आणि सोपेपणाच्या भरात व्याकरणाची एक खूण पुसली गेली.

तथापि उत्तर खरे असले तरी ते पुरे नाही. प्रथम आणि द्वितीय पुरुषांनाच ही सूट का? हा मराठीचा लहरीपणा असता तर तो शब्दरूपांच्या कपाटात टाकून दार लावता आले असते. पण १९७६ साली सिल्व्हरस्टीन यांनी दाखविले की, जगातील परस्परांशी संबंध नसलेल्या भाषांत हेच घडते. ऑस्ट्रेलियातील डिरबल भाषेतही ‘मी’ आणि ‘तू’ यांची वागणूक इतर नामांहून निराळी आहे. बोलणारा आणि ऐकणारा हे दोघे कर्तृत्वाचे स्वाभाविक धनी; त्यांच्या कर्तेपणाला वेगळी खूण लागत नाही, इतरांच्या लागते, असे त्याचे मर्म सांगतात. मग जी गोष्ट पुण्यापासून क्वीन्सलँडपर्यंत आढळते ती एका भाषेची खाजगी अडगळ कशी? ती जर मानवी भाषेचा गुण असेल तर भाषेच्या सिद्धांताच्या पहिल्या पानावर तिला जागा पाहिजे. येथे लाघववाद दोन्ही बाजूंनी सापडतो. आत घ्यावे तर पान स्वच्छ राहत नाही. बाहेर ठेवावे तर सर्व भाषांचा पाया शोधण्याची प्रतिज्ञा राहत नाही.

शिवाय खुद्द मराठीत या प्रश्नाला एकच उत्तर नाही. विदर्भाच्या काही भागांत ‘मीनं’ असे रूप चालते. तेथे मुलाने शंका विचारलीच नसती. कोल्हापूर-सोलापूरच्या दक्षिणेस ‘मी काम केलो’, ‘मी आंबा खाल्लो’ असे सर्रास म्हणतात. तेथे क्रियापदाने कर्माचा पदर सोडून सरळ कर्त्याचा धरला. प्रमाण मराठी या दोहोंच्या मध्ये उभी आहे. डेक्कन कॉलेजाने राज्य मराठी विकास संस्थेच्या साहाय्याने मराठी बोलींचे जे सर्वेक्षण हाती घेतले त्यात अशा रूपांची नोंद जिल्ह्याजिल्ह्यांतून झाली आहे. एकाच भाषेच्या तीन बहिणी एका प्रश्नाची तीन उत्तरे देतात, याहून सुरेख प्रयोगशाळा कोणत्या शास्त्राला मिळते?

तिसरे वाक्य: ‘तो धडा शिकला.’ शेजारी ठेवा: ‘त्याने धडा वाचला.’ दोन्ही क्रिया सकर्मक, दोन्ही भूतकाळी, कर्मही तेच; मग एकीकडे ‘तो’ आणि दुसरीकडे ‘त्याने’ का? ‘ती चहा प्यायली’, ‘मी चार शब्द बोललो’ ही पहिल्याच जातीची. विचारल्यावर उत्तर मिळते की, हा त्या त्या धातूचा गुण असून तो शब्दकोशात नोंदलेला आहे. ठीक, पाणिनीनेही हेच केले असते. पण पाणिनीने यादी दिली. येथे यादी कोठे आहे? शब्दकोश हा या मतात एक उघडा रांजण आहे. वाक्यरचनेत जे मावत नाही ते त्यात टाकावे, आणि रांजणात काय काय साठले हे मात्र कोणी मोजू नये.

आता प्रतिपक्षाचे सर्वांत बळकट म्हणणे ऐकले पाहिजे. ते म्हणतात, हा सिद्धांत नव्हे, संशोधनाची दिशा आहे; नावातच ‘प्रोग्रॅम’ म्हटले आहे. कमीत कमी गृहीतांवर किती दूर जाता येते ते पाहावयाचे, आणि जेथे अडेल तेथेच नवे गृहीत मानावयाचे. ही शिस्त आम्हांस मान्य आहे. तिच्यावाचून शास्त्र म्हणजे गोष्टींची गाठोडी. खर्च एका खात्यातून दुसऱ्यात हलविणे हेही सदैव लबाडीचे असते असे नाही. शब्दरूपांचे प्रश्न वाक्यरचनेतून वेगळे केल्याने दोन्ही स्पष्ट झाल्याची उदाहरणे आहेत. परंतु ‘दिशा’ या शब्दाचा आश्रय किती वर्षे घ्यावयाचा? ग्रंथ निघून तीस वर्षे झाली. ज्याला दिशाच दाखवावयाची आहे त्याने अंतर किती कापले तेही सांगावे. मानवजातीला भाषा लवकर लाभली म्हणून ती साधी असलीच पाहिजे, हा युक्तिवाद तर आम्हांस उलटा वाटतो. साधेपणा पुराव्याच्या शेवटी सिद्ध व्हावयाचा असतो. तो आरंभीच बजावून सांगितला म्हणजे पुरावाच त्याच्या मापाने कापला जाऊ लागतो. आणि हे माप बहुतेक वेळा इंग्रजीच्या अंगावर घेतलेले असते. ज्या भाषेत क्रियापदाला आता केवळ एक ‘स’ लावण्याचे काम उरले आहे, तिच्यावरून जुळणीचा नियम बसविणे सोपे. ‘खाल्लीस’वरून बसवून दाखविणे हे काम.

परंतु दोष एकट्या पश्चिमेच्या माथी मारून मोकळे होण्यास आम्ही तयार नाही. आपल्या वैयाकरणांनी ‘तू पोळी खाल्लीस’ हे वाक्य पाहिले नव्हते असे नाही. १८३६ साली दादोबा पांडुरंगांनी ‘महाराष्ट्र भाषेचे व्याकरण’ छापले. कृष्णशास्त्री चिपळूणकरांनी त्याची चिकित्सा केली. १९११ साली मोरो केशव दामल्यांनी ‘शास्त्रीय मराठी व्याकरण’ या प्रचंड ग्रंथात मागील सर्व मतांचा कीस काढला. प्रयोग किती मानावे यावर जेवढी शाई मराठीत सांडली तेवढी अन्य कशावर क्वचितच. ‘खाल्लीस’सारख्या वाक्याला नावही मिळाले: कर्तृकर्मसंकर. परीक्षेची पुस्तके ते नाव आजही पाठ करून घेतात. पण नाव म्हणजे कारण नव्हे. ‘संकर’ म्हणजे दोहोंची सरमिसळ. सरमिसळ झाली हे डोळ्यांना दिसतेच, ती का व कोणत्या नियमाने झाली हे ‘संकर’ सांगत नाही. १९६४ मध्ये अरविंद मंगरूळकरांनी ‘मराठी व्याकरणाचा पुनर्विचार’ मांडून संस्कृत आणि इंग्रजी या दोन्ही उसन्या साच्यांतून मराठीस सोडविण्याचा मार्ग दाखविला. शाळेच्या पुस्तकांनी त्याकडे पाहिले नाही. मुले अद्यापि तीन प्रयोग आणि त्यांचे पोटभेद घोकतात आणि परीक्षेनंतर विसरतात. आणि व्याकरण हा रुक्ष विषय, असा ग्रह घेऊन मोठी होतात.

इकडे मराठी वाक्याचा खरा विचार झाला तो परभाषेत. राजेश्वरी पांढरीपांडे यांचे १९९७ चे मराठीचे व्याकरण इंग्रजीत. रमेश धोंगडे आणि काशी वाली यांचे २००९ चे व्याकरण इंग्रजीत. हे विद्वान आपलेच आणि त्यांचे ऋण मोठे आहे. त्यांनी जगाला कळेल त्या भाषेत लिहिले यात त्यांचा काही अपराध नाही. अशोक केळकरांनी ‘वैखरी’सारखे मराठी पुस्तक लिहून उलट मार्गही दाखविला होता. अपराध आहे तो आपल्या वाचकवर्गाचा, ज्याने त्या मार्गावर गर्दी केली नाही. मराठी वाक्ये खनिजासारखी बाहेर जातात, तेथे त्यांवर सिद्धांत घडतो, आणि तो परत येतो तेव्हा आपण एक तर त्याला हसतो, नाहीतर पाणिनीचे नाव घेऊन त्यावर मालकी सांगतो. विकत मात्र घेत नाही, आणि घडवीत तर नाहीच.

मग करावे काय? अभिजातपणाचा दर्जा मिळाल्यावर समारंभ पुष्कळ झाले. आता शिक्षकांच्या अध्यापन-पदवीच्या अभ्यासक्रमात मराठी वाक्यरचनेचा एक तरी विषय मराठीतून शिकविला जावा. ‘मीने’ लिहिणाऱ्या मुलाला असे सांगता यावे: बाळा, तुझा तर्क बरोबर आहे, ‘मी’ला पूर्वी अशी खूण होती, ती झिजली, जगातल्या अनेक भाषांत ‘मी’ आणि ‘तू’ यांना अशी सूट मिळते, तुझ्या हिंदीने ती दिली नाही, आमच्या प्रमाण मराठीने दिली. ‘मी खाल्लो’ म्हणणाऱ्याला सांगता यावे की, तुझ्या आजोळची बोली चुकीची नाही. तिने दुसरा नियम निवडला, आणि परीक्षेत मात्र हा लिहावयाचा. दोन मिनिटांच्या या उत्तराने तांबडी शाई वाचेल, आणि परप्रांतातून आलेल्या मुलास मराठी ही हुकमांची भाषा न वाटता कारणांची भाषा वाटेल. कायद्याने मूल वर्गात आणता येते. भाषेत आणावयाचे तर कारण द्यावे लागते.

लाघववाद्यांना आमचे सांगणे एवढेच: काटकसर अवश्य करा, पण मागचे पान उघडे ठेवा. शब्दकोशात काय टाकले त्याची यादी द्या, रूपांच्या दालनात काय लपविले ते सांगा, आणि मग एकच क्रिया पुरते की नाही ते आम्ही मोजू. आणि मराठी वाचकांना सांगणे असे की, हे मोजण्याचा अधिकार जन्माने मिळालेला असला तरी बजावल्यावाचून तो राहत नाही. ‘खाल्लीस’ हा शब्द आपल्या घरात रोज दहा वेळा उच्चारला जातो. त्यातील ‘ई’ पोळीची आणि ‘स’ तुझा, हे ज्या दिवशी सहावीतले मूल आपल्या आईला जेवताना समजावून सांगेल, त्या दिवशी मराठी व्याकरण पुन्हा घरी आले असे आम्ही मानू.